अख्खं गाव पार्टनर

नवी नोकरी घेताना आपल्यातले बरेच जण हल्ली पगाराच्या आकड्याबरोबर आणखी एक प्रश्न विचारतात. शेअर्स किती मिळणार? ‘ओनरसारखं काम करा’ असं बॉस मीटिंगमध्ये सांगतो, तेव्हा आपण मनातल्या मनात म्हणतो, मग ओनर करा ना राव! कॅन्टीनमध्ये हा विषय निघाला की गाडी सिलिकॉन व्हॅलीतून सुटते आणि बंगळुरूला येऊन थांबते. माझं म्हणणं, जरा आणखी मागे जाऊया. चांगले अडीचशे वर्षं मागे. आणि व्हॅलीत नको, डोंगरावर.

ग्रीसच्या मध्यावर थेसली नावाचा मोठा सपाट प्रदेश आहे. कापूस, गहू आणि रग्गड ऊन. त्याच्या ईशान्य टोकाला दोन डोंगर समोरासमोर उभे आहेत. एक ऑलिंपस, देवांचा. दुसरा ऑसा, ज्याला तिथली माणसं किसावोस म्हणतात. दोघांच्या मधून पिनिओस नदी समुद्राकडे निघते. त्या चिंचोळ्या खिंडीचं नाव टेंपी. २८ फेब्रुवारी २०२३ च्या रात्री याच भागात दोन रेल्वेगाड्या समोरासमोर धडकून ५७ माणसं गेली, तेव्हा हे नाव जगभरच्या बातम्यांत होतं. खिंडीतून एक वळणावळणाचा रस्ता किसावोसच्या अंगावर चढतो आणि चार-पाच किलोमीटरनंतर तुम्हाला एका गावात सोडतो. अंबेलाकिया. नावाचा अर्थ ‘छोटे द्राक्षमळे’.

आज इथे काहीशे माणसं राहतात. दगडी फरसबंदी, लाल कौलं, चौकात सावली आणि सावलीत खुर्च्या. मी गेले तेव्हा ऑक्टोबर होता. चौकातल्या कॅफेनिओत, म्हणजे गावच्या कॉफीच्या अड्ड्यावर, चार आजोबा तावली खेळत होते. तावली म्हणजे सोंगट्या-फाशांचा खेळ. त्यात सोंगटी हळूच ठेवायची नाही, पटावर खाडकन आपटायची, हा नियम कुठे लिहिलेला नसला तरी सगळे पाळतात. कॉफी मागवताना साखरेचं आधीच सांगावं लागतं, कारण ती भांड्यातच कॉफीबरोबर उकळते. ‘स्केतो’ म्हणजे बिनसाखरेची, ‘मेत्रिओ’ म्हणजे मध्यम. मी ‘ग्लिको’, गोड, मागवली आणि मालकानं ‘टुरिस्ट’ असा चेहरा केला. आपल्याला काय, आपण अमृततुल्यवर वाढलेलो!

तर हे गाव. अठराव्या शतकाच्या शेवटी इथे चार हजारांच्या आसपास माणसं राहत होती आणि इथला माल व्हिएन्ना, पेश्त, लाइपझिग, ड्रेस्डेनच्या बाजारात विकला जात होता. माल एकच. लाल सूत.

लाल म्हणजे साधा लाल नाही हं. त्या काळच्या युरोपात सुती धाग्यावर पक्का लाल रंग चढवणं ही मोठी डोकेदुखी होती. लोकरीवर चढायचा, रेशमावर चढायचा, पण सूत दोन धुण्यांत फिकं पडायचं. पूर्वेकडच्या रंगाऱ्यांना मात्र ते जमत होतं, म्हणून युरोपनं त्याला नाव दिलं ‘तुर्की लाल’. रंग यायचा मंजिष्ठेच्या भूमध्य समुद्राकडच्या बहिणीच्या मुळांतून. मंजिष्ठा आपल्याकडे काष्ठौषधीच्या दुकानात मिळते आणि आता महागड्या फेसपॅकवरही तिचं नाव असतं. ग्रीक लोक त्यांच्या झाडाला रिझारी म्हणतात. मूळ मिळणं सोपं होतं. कठीण होती ती पद्धत. सूत राखेच्या पाण्यात उकळायचं, मग तेलात घोळवायचं, मग मेंढीच्या लेंड्या कालवलेल्या पाण्यात बुडवायचं, वाळवायचं, परत तेच. त्यानंतर मायफळाचा काढा, मग तुरटी, मग रिझारीचा रंग (कधीकधी त्यात बैलाचं रक्तही) आणि शेवटी झळाळी यावी म्हणून साबणाच्या पाण्यात पुन्हा उकळी. हे सगळं आठवडेच्या आठवडे चालायचं. वासाची कल्पना करा. युरोपातल्या दिवाणखान्यांत पोचणारा तो देखणा लाल रंग ज्या गल्ल्यांमध्ये तयार व्हायचा, तिथे नाकाला रुमाल लावूनच फिरावं लागत असणार.

पण रंगारी तर थेसलीत इतरही गावांत होते. अंबेलाकियानं वेगळं काय केलं? तर त्यांनी कंपनी काढली.

आधी गावात वेगवेगळे व्यापारी गट होते आणि ते एकमेकांचे भाव पाडत होते. (ओळखीचं वाटतंय ना?) १७७८ मध्ये ते एकत्र आले आणि एक सामाईक संस्था उभी राहिली. नाव होतं ‘अंबेलाकियाची सामाईक कंपनी आणि बंधुमंडळ’ अशा अर्थाचं. कंपनीसाठी ग्रीक शब्द आहे ‘सिंत्रोफिया’. मुळात अर्थ, एकत्र पोसलेले, एका पंगतीचे. आजही ग्रीक पोरं शुक्रवारी रात्री ज्या ग्रुपबरोबर बाहेर पडतात त्याला ‘सिंत्रोफिया’च जवळचा शब्द आहे. इंग्रजीतल्या ‘कंपनी’च्या पोटातही ‘पाव वाटून खाणारे’ असाच अर्थ दडलाय. नंतर ते दोन्ही शब्द कुठल्या कुठे गेले, ते सोडा.

या गावाची माहिती आपल्याला मुख्यतः एका फ्रेंच माणसाकडून मिळते. फेलिक्स बोझूर, थेसालोनिकीतला फ्रान्सचा वाणिज्यदूत. १८०० मध्ये त्याचं ग्रीसच्या व्यापारावरचं पुस्तक पॅरिसमध्ये निघालं. त्याचं काम होतं कोण काय विकतंय यावर नजर ठेवण्याचं, त्यामुळे गडी आकडे देतो. २४ रंगशाळा. वर्षाला २,५०० गाठी सूत, प्रत्येक गाठ १०० ओक्क्यांची. एक ओक्का म्हणजे सव्वा किलोच्या थोडा वर, म्हणजे वर्षाला ३०० टनांहून जास्त. पुरुष रंगवायचे, बायका कापूस साफ करून सूत कातायच्या, लहान मुलंही हाताशी असायची. पंधरा वर्षांत गावाची लोकसंख्या तिप्पट झाली, असं तो म्हणतो. तुर्की साम्राज्यातल्या खेड्यापेक्षा हे गाव त्याला हॉलंडमधल्या एखाद्या उद्योगी शहरासारखं वाटलं.

आणि आता ती गोष्ट, जिच्यासाठी मी हा कॉलम लिहायला बसले. भांडवलाचा नियम. शेअर कमीत कमी ५,००० पियास्तरचा आणि जास्तीत जास्त २०,००० चा. वरची मर्यादा कशासाठी? तर मोठ्या सावकारांनी सगळी कंपनीच गिळू नये म्हणून. खालची मर्यादा सामान्य कामगाराच्या आवाक्याबाहेरची होती, पण कामगार आपापल्या छोट्या रकमा एकत्र करून त्यातून हिस्सा घेऊ शकत होते. वर्षाच्या शेवटी मिळकतीतून खर्च आणि सुलतानाचा कर जायचा, गरिबांसाठी ठरलेला भाग बाजूला निघायचा आणि मग हिस्सेदारांचा नफा. शाळेला, तिथल्या शिक्षकांना, पुस्तकांना, डॉक्टरला पैसा इथूनच जायचा. काही वर्षी नफा भांडवलाच्या ६० ते १०० टक्के होता, असं बोझूर सांगतो. वाचून माझ्या म्युच्युअल फंडाला लाज वाटली.

पुढचं आकडेमोडीचं सोडून भूगोल बघा, म्हणजे या प्रकाराचा आवाका कळेल. माल डोंगरावरून खाली उतरायचा. मग घोड्या-खेचरांचे तांडे बाल्कनच्या रस्त्यांनी उत्तरेला. ऑस्ट्रियाच्या हद्दीवर, झेमुनला, प्लेगच्या भीतीनं माणसं आणि माल दोघांनाही क्वारंटाईन. कोविडनंतर हा शब्द समजावून सांगायची गरज उरली नाही. १७१८ च्या तहानंतर तुर्की सुलतानाच्या प्रजेला ऑस्ट्रियात व्यापार करणं सोपं झालं होतं आणि ग्रीक व्यापाऱ्यांनी ती संधी दोन्ही हातांनी उचलली. अंबेलाकियाची माणसं व्हिएन्नात पेढ्या उघडून वर्षानुवर्षं राहायची. नवरा तिकडे, बायको इकडे सूत कातते आहे, पोरगं शाळेत. कोकणातल्या मुंबईच्या मनीऑर्डरीवर जगणाऱ्या गावांना या संसाराची वेगळी ओळख करून द्यायला नको.

व्हिएन्नात राहिलेल्यांपैकी एक म्हणजे योर्गोस मावरोस. ‘मावरोस’ म्हणजे काळा. व्हिएन्नात ग्राहकांना सोपं जावं म्हणून त्यानं आडनावाचं सरळ जर्मन भाषांतर केलं आणि तो ‘श्वार्त्स’ झाला. पुण्यात आला असता तर ‘काळे’ झाला असता आणि सदाशिव पेठेत कोणाला संशयही आला नसता. कंपनीच्या कर्त्याधर्त्यांपैकी तो एक. त्याचा वाडा आज म्युझियम आहे, आणि गावात पोचणारा प्रत्येक जण तोच बघायला आलेला असतो.

बांधकाम १७८७ ते १७९८. म्हणजे अकरा वर्षं. तीन मजले. खाली जाडजूड दगडी भिंती आणि लहान खिडक्या, जवळजवळ गढीच. वर जावं तसं घर मोकळं होत जातं आणि सगळ्यात वरचा मजला लाकडी टेकूंवर भिंतींच्या बाहेर झुकतो. रंगीत काचा, कोरीव लाकडी छत, आणि भिंतींवर चित्रंच चित्रं. फुलदाण्या, वेलबुट्ट्या, बॉस्फरसच्या काठचं इस्तंबूल, आणि चित्रकारानं बहुधा कधीच न पाहिलेली शहरं. अर्धं व्हिएन्ना, अर्धं इस्तंबूल, आणि हे सगळं एका ग्रीक डोंगरावर. मेणवलीच्या नाना फडणवीसांच्या वाड्यातली भित्तिचित्रं ज्यांनी पाहिली असतील त्यांना इथे एकदम घरचं वाटेल. काळही थोडाफार तोच.

मला मात्र वरच्या मजल्यापेक्षा खालचा आवडला. तिथे कंपनीचं ऑफिस होतं. जिन्यावरून वर वर दिवाणखाने आणि पायाखाली तिजोरी. हिस्सेदार हिशेबाला यायचा तो या दगडी खोलीत. मी तिथे उभी राहिले आणि डोक्यात एकच प्रश्न आला: ज्यानं बारा जणांबरोबर वर्गणी काढून हिस्सा घेतला होता, ज्याचे हात कोपरापर्यंत लाल होते, तो हिशेब ऐकायला इथे येत असेल तेव्हा त्याला वरचा मजला दाखवत असतील का?

हा प्रश्न माझ्या एकटीचा नाही. त्यावर इतिहासकारांची जुंपलेली आहे. १८७५ मध्ये फ्रांस्वा बुलांजे या फ्रेंच लेखकानं अंबेलाकियावर पुस्तक लिहिलं आणि तिथलं चित्र इतकं गोड रंगवलं, की पुढे हे गाव ‘जगातली पहिली सहकारी संस्था’ म्हणून मिरवू लागलं. इंग्लंडच्या रॉचडेलमधल्या विणकरांनी आपलं सुप्रसिद्ध सहकारी दुकान उघडलं ते १८४४ मध्ये, म्हणजे त्याच्या तब्बल ६६ वर्षं आधी! गावात आजही अभिमानानं हेच सांगतात. मग १९५५ मध्ये यानिस कोर्दातोस या मार्क्सवादी ग्रीक इतिहासकारानं एक पुस्तक काढलं. त्याच्या शीर्षकातच त्यानं अंबेलाकियाच्या सहकाराला ‘मिथक’ म्हणून टाकलं. त्याचं म्हणणं थोडक्यात असं, की ही श्रीमंत व्यापाऱ्यांची भागीदारी होती, कामगार हे कामगारच होते, आणि बाकी सगळी नंतरची भावुकता.

महाराष्ट्रात वाढलेल्या माणसाला या भांडणात दोन्ही बाजू ओळखीच्या वाटतात. प्रवरानगरला विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांनी १९५० च्या आसपास सहकारी साखर कारखाना उभा केला, त्यातून शेतकरी मालक झाला हेही खरं. आणि सहकाराच्या नावाखाली पुढे कुठे कुठे काय काय झालं, हेही आपण जेवणाच्या टेबलावर ऐकत मोठे झालो. म्हणून मला कोर्दातोसचं पटतं, पण पूर्ण पटत नाही. नुसती व्यापाऱ्यांची भागीदारी असती तर २०,००० ची वरची मर्यादा कशाला घातली असती? कुठलाही पैसेवाला स्वतःहून स्वतःच्या हिश्शाला झाकण लावत नाही. गावात कुणीतरी, कधीतरी, त्यासाठी भांडलं असणार. आणि दुसरं म्हणजे तुर्की अमलात ही डोंगरगावं आपला कारभार बऱ्याच अंशी स्वतःच बघायची. कराची रक्कम अख्ख्या गावावर लागायची, गावचे निवडलेले वडीलधारे ती गोळा करून भरायचे. म्हणजे ‘आपण सगळे एका हिशेबात’ ही सवय कंपनीच्या आधीपासूनची. कंपनी त्या सवयीवर उभी राहिली.

तरीही ५,००० पियास्तरची खालची अट माझ्या डोक्यातून जात नाही. दार उघडं होतं, पण उंबरठा केवढा!

मग हे सगळं गेलं कुठे? एका फटक्यात नाही गेलं. रंगाचं गुपित तर कंपनी निघण्याआधीच फुटलं होतं. १७४० च्या दशकात फ्रान्सनं ग्रीक रंगारी नेऊन रूआँजवळ रंगशाळा चालू केली. १७८५ मध्ये ग्लासगोत जॉर्ज मॅकिंटॉश आणि फ्रान्सहून आलेला पापियाँ यांनी तेच केलं. त्याच वेळी इंग्लंडमधल्या गिरण्यांतून यंत्रावर कातलेलं स्वस्त, एकसारखं सूत बाहेर पडू लागलं. त्यापुढे चात्यावर बसलेल्या बाईचा काय टिकाव लागणार? इकडे यानिनाचा अली पाशा पैशासाठी गावं पिळत होता. आतून हिस्सेदारांची भांडणं सुरू झाली आणि कोर्टकचेऱ्यांपर्यंत गेली. एकत्र आलेले गट पुन्हा फुटले. आणि १८११ मध्ये, नेपोलियनच्या युद्धांनी थकलेल्या ऑस्ट्रियानं दिवाळं काढलं. कागदी नोटांची किंमत रातोरात एक पंचमांशावर आणली. गावाचा पैसा व्हिएन्नात होता. नोटाबंदीच्या रात्री आपण टीव्हीसमोर बसलो होतो तसं त्यांना बसताही आलं नाही. बातमी पोचायलाच किती तरी दिवस लागले असतील, आणि तोवर पाचातले चार रुपये गेलेले.

त्यानंतर थोड्याच काळात कंपनी संपली. माणसं पांगली. थेसली १८८१ मध्ये ग्रीसला जोडली गेली, तोवर अंबेलाकिया हे पुन्हा डोंगरावरचं एक साधं गाव झालं होतं, फक्त घरं मात्र जरा जास्तच चांगली. १८६८-६९ मध्ये जर्मन रसायनशास्त्रज्ञांनी मंजिष्ठेतला लाल रंग प्रयोगशाळेत बनवला आणि रिझारीची शेतीही संपली. तो लाल रंग मात्र आपल्या दारात आला. स्कॉटलंडच्या लेव्हन खोऱ्यातल्या कारखान्यांतून तुर्की लाल कापड, त्यावर मोर आणि कोयऱ्या छापून, जहाजं भरभरून मुंबईच्या बाजारात उतरायचं. मंजिष्ठा आपली, कोयरी आपली, आणि नफा स्कॉटलंडचा!

गावाची सामाईक कामाची हौस मात्र जित्याची खोड असावी. १९८० च्या दशकात ग्रीसमध्ये खेड्यातल्या बायकांनी पर्यटनासाठी सहकारी संस्था काढायला सुरुवात केली, तेव्हा पहिल्या काही गावांत अंबेलाकिया होतं. घरातल्या खोल्या पाहुण्यांना द्यायच्या, स्वयंपाक करायचा. या वेळी कमाई त्यांच्या नावावर होती. दोनशे वर्षांपूर्वी सूत कातणाऱ्या बायकांची नावं हिस्सेदार म्हणून मला कुठे सापडली नाहीत, म्हणून हे मुद्दाम सांगितलं.

२६ जुलैला संत पारास्केवीचा उत्सव असतो. खाली खिंडीत, नदीवरचा पादचारी झुलता पूल ओलांडला की कड्याला चिकटलेलं तिचं देऊळ आहे. ती डोळ्यांची देवी म्हणा ना, डोळे बरे व्हावेत म्हणून लोक नवस बोलतात आणि डोळे कोरलेले छोटे पत्रे वाहतात. आपल्याकडे चांदीचे डोळे वाहतात, अगदी तसंच. संध्याकाळी ग्रीक गावजत्रेत जे होतं ते होतं: लांबलचक टेबलं, भाजलेलं मटण, त्सिपुरो नावाची द्राक्षाच्या चोथ्याची कडक दारू आणि हात धरून गोलात नाच. गोलात शिरायला आमंत्रण लागत नाही. दोन हात सोडवायचे आणि मध्ये घुसायचं. शहरात गेलेली पोरं तेवढ्यासाठी गावी येतात.

कॉफीचे पैसे देताना मालकाशी थोडं बोलणं झालं. त्याचं इंग्रजी आणि माझं ग्रीक दोन्ही यथातथाच. मुलगी म्युनिकला असते म्हणाला, लॉजिस्टिक्स कंपनीत. मी विचारलं, शेअर्स देतात का? तो जोरात हसला आणि तावलीवाल्या आजोबांना माझा प्रश्न भाषांतर करून सांगितला. मग तेही हसले. एकानं काहीतरी उत्तर दिलं, पण ते काही मला कोणी भाषांतर करून सांगितलं नाही.

जायचं असेल तर थेसालोनिकी जवळ पडतं, गाडीनं दीड-दोन तास. अथेन्सहून आधी लारिसा गाठायचं, तिथून सुमारे ३० किलोमीटर. फक्त एक लक्षात ठेवा. २०१७ मध्ये महामार्गाचे नवे बोगदे सुरू झाले, त्यातला एक सुमारे सहा किलोमीटर लांब आहे आणि थेट किसावोसच्या पोटातून जातो. त्यानं प्रवास सुरक्षित झाला हे चांगलंच. पण जीपीएसचं ऐकलंत तर गावाच्या खालून जाल आणि कळणारही नाही. खिंडीतला जुना रस्ता मुद्दाम निवडा. आणि वाड्याची वेळ आधी विचारून घ्या, दुपारनंतर बंद असतो तेव्हा चावी कोणाकडे असते हे चौकातही कोणी सांगत नाही.